शेवटच्या पानाचा चिमटा

बाईंच्या प्रत्येक चित्रपुस्तकाच्या शेवटच्या पानाला कपडे वाळत घालायचा चिमटा लावलेला असे. मूल तालुक्यातल्या आमच्या गावात त्या पहिली-दुसरीला शिकवत. गोष्ट संपत आली की पुस्तक मांडीवर पालथं घालून विचारत, "आता पुढं काय व्हावं? अन् काऊन?" त्यांचा सगळा भर त्या ‘काऊन’वर, म्हणजे ‘का’वर. आम्ही भांडायचो, त्या ऐकायच्या. सगळ्यांचं बोलून झालं की मगच चिमटा निघे, आणि छापलेला शेवट आम्हाला बहुधा पटत नसे.

माझ्या आईनं एकदा तक्रार केली, की पोरीला तांदूळ निवडायला सांगितलं तरी काऊन म्हणते. बाईंनी हसून विचारलं, "मंग तुमी काय सांगता?"

मी दुसरीत असताना बाबा मोहफुलं वेचायला गेले आणि वाघानं त्यांना मारलं. पंधरा दिवसांनी मी शाळेत गेले. बाईंनी थैलीतून न बघताच पुस्तक काढलं, ते नेमकं वाघाचं. पान उलटल्यावर त्यांच्या लक्षात आलं. त्या घाईनं पुस्तक मिटू लागल्या.

मी म्हटलं, "मिटू नका, बाई."

त्या वाचत राहिल्या. गुहेत भुकेली पिल्लं, पाणवठ्यावर हरीण, वाघ दबा धरून बसलेला. तिथं चिमटा आला. बाईंनी काहीच विचारलं नाही. असं कधी झालं नव्हतं. मग मीच विचारलं, "त्याले भूक लागली होती. मंग त्याचं चुकलं का?"

त्या म्हणाल्या, "मले नाई मालूम, बेटा. मी बी तेच विचारून राह्यली."

घरी प्रत्येकाकडे उत्तर होतं. कुणी नशीब म्हणे, कुणी म्हणे जंगलात गेलाच काऊन. मालूम नाही म्हणणाऱ्या बाई एकट्याच. बाबा गेल्यावर मी पहिल्यांदा रडले ती त्यांच्या मांडीवर. त्या दिवशी चिमटा निघाला नाही.

बाई या हिवाळ्यात गेल्या. मीही आता शिक्षिका आहे, म्हणून त्यांच्या मुलानं ती थैली मला आणून दिली. वाघाचं पुस्तक तळाशी होतं. चिमट्याची तार गंजून पानावर तांबूस डाग उमटला होता. बाईंनी तो नंतर कधीच काढला नसावा.

सोमवारी मी ते पुस्तक वर्गात वाचलं. चिमट्यापाशी थांबले तेव्हा एका मुलीनं विचारलं, "पुढं काय आहे, बाई?"

"मले नाई मालूम," मी म्हटलं, आणि पुस्तक मांडीवर पालथं घातलं.