पाटलाच्या नावावर लागलेली आत्याची ज्वारी

विद्यापीठाच्या नामांतर चळवळीची पत्रकं लिहून माझं अक्षर वळणदार झालं होतं. तेवढ्या लायकीवर परभणीच्या एका बियाणं-संग्रहात मला रोजंदारी मिळाली. तिथं गावोगावची ज्वारी पुड्यांत बंद करून ठेवलेली. प्रत्येक पुडीचं एक कार्ड. पुढच्या बाजूला नंबर, गाव, बी देणाऱ्याचं नाव. मागं अंगलक्षणं: ताटाची उंची, फुलोरा कधी, कणीस कसं, दाणा कसा. फाटलेली कार्डं नवी उतरवायची, हे माझं काम.

एक दिवस पालमकडच्या आमच्याच गावचं कार्ड हाती आलं. देणारा: पाटील. माझं डोकंच फिरलं. संग्रहाचे साहेब जीपनं बी गोळा करायला आले तेव्हा मी गावात होतो. बी काढून दिलं माझ्या आत्यानं, आमच्या वस्तीत, तिच्या मडक्यातून. पण साहेबांनी चहा घेतला पाटलाच्या ओसरीवर आणि कार्डंही तिथंच भरली. बाकीची कार्डं चाळली. निम्म्या जिल्ह्याची ज्वारी म्हणे पाटलांनीच दिलेली! ज्याच्या घरी चहा, त्याचं बी. याला म्हणायचं शास्त्र.

त्याच वर्षी आत्याच्या मडक्यात कीड पडली. गायरानाच्या तुकड्यात पेरायला मूठभर बी हवं होतं आणि तो वाण गावात दुसऱ्या कुणाकडं नव्हता. ती एसटीनं परभणीला आली.

"बाई, ज्यानं दिलं त्यालाच बी परत मिळतं," साहेब म्हणाले. "कार्डावर नाव पाटलाचं आहे."

"पाटलाच्या बापानं तरी पेरली हुती का?"

मी लगेच भाषण सुरू केलं. व्यवस्था, इतिहास, लूट.

"तू गप रे. सभा हाय का ही?" आत्या म्हणाली. मग साहेबांकडं वळली. "मला वाचाया येत न्हाई. तुमी कार्ड बघा, मी सांगते. ताट माणसापरीस उंच. सगळ्यांच्या मागून फुलती. कणीस मान खाली घालतं. दाण्यावर काळं टरफल. अन् पाखरं शिवत न्हाईत."

साहेब मागच्या बाजूवर बोट सरकवत होते. सगळं जुळलं. पाखरांचं तेवढं कार्डावर नव्हतं. ते त्यांनी गुपचूप लिहून घेतलं.

नावात खाडाखोड मात्र चालत नाही म्हणाले. मूठभर देतो, पीक आलं की थोडं आणून द्या, तुमच्या नावावर नवा नंबर टाकू.

"आणि पाटलाचा नंबर?" मी विचारलं.

"तो राहणार."

म्हणजे एका ज्वारीचे दोन वाण झाले. आता कुणी विद्वान दोन्हींची तुलना करून पदवी घेणार! मी पत्रक काढायची धमकी दिली. आत्यानं बी पदरात बांधलं आणि बस गाठली.

सुगीनंतर ती पुडकं घेऊन आली. साहेबांनी हात पुढं केला. तिनं पुडकं मागं ओढलं.

"आदी नाव लिवा."

"नवऱ्याचं सांगा."

"त्यो कवा रानात आलाच न्हाई. माझं लिवा."

मी शाईनं लिहिलं.

"वाच," ती म्हणाली. मी वाचलं. "मोठ्यानं." शेजारच्या खोलीतले कारकून डोकावले. तिनं आणखी एकदा वाचायला लावलं, मगच पुडकं हातातून सोडलं.