विजेच्या सुरात लावलेला बेंजो

साच्यात ओतलेल्या लोखंडी कास्टिंगला आतून चीर आहे की नाही, हे मी हातोडीच्या एका ठोक्यात सांगतो. शिरोली एमआयडीसीतल्या फाउंड्रीत माझं कामच ते. साहेब लोक मशीन लावून तपासतात आणि तासाभरानं मी म्हटलं तेच म्हणतात. त्यामुळे माझ्या कानावर कुणी शंका घेतली की माझं डोकं सटकतं. याच कानाच्या भरवशावर मी सुट्टीच्या दिवशी वरातीत बेंजो वाजवतो. तीस वर्षं झाली.

बेंजो म्हणजे लाकडी पेटीवर ताणलेल्या तारा आणि वर टाइपरायटरसारखी बटणं. डाव्या हातानं बटणं दाबायची, उजव्या हातातल्या नखीनं तारा छेडायच्या. तारांचा आवाज वायरीत नेणारा पिकअप मी स्वतः बनवलाय, मोटर रिवाइंडिंगच्या दुकानातली तांब्याची तार गुंडाळून. गाड्यावर कर्णे, मागं जनरेटर, पुढं नाचणारी माणसं. आमची पार्टी दिसायच्या आधी दोन गल्ल्या ऐकू यायची. माझी मुलगी शाळेत असताना आम्ही दिसलो की मैत्रिणींना घेऊन बोळात शिरायची. मी गाड्यावरून ते बघायचो आणि आणखी जोरात वाजवायचो. राग यायचा, दुसरं काय.

पुढं ती साउंडचंच शिकली आणि मंगळवार पेठेत दोन खोल्यांचा स्टुडिओ टाकला. पहिलं काम आलं ते कोडोलीच्या एका मंडळाचं, यात्रेचं गाणं. त्यात बेंजो पाहिजे होता. हे मला तिनं सांगितलं नाही, तिच्या आईनं भाकरी थापता थापता सांगितलं. कीबोर्डवाला ठरला होता आणि त्याच्या कीबोर्डातच बेंजोचा आवाज होता म्हणे. घरात बाप बेंजो वाजवतोय आणि लेक बेंजो बाहेरून आणतेय, तोही खोटा! दोन दिवस मी तिच्याशी बोललो नाही. तिसऱ्या दिवशी तीच म्हणाली, "पप्पा, रविवारी सकाळी या. एक तास देतो तुम्हाला. नीट आलं तर तुमचं ठेवू, न्हायतर कीबोर्डचं. मग रुसायचं न्हाय." आमच्याकडच्या पोरी "देतो, येतो" असंच बोलतात.

रविवारी मी बेंजो घेऊन गेलो आणि माझा ॲम्प्लिफायरही रिक्षात घालून नेला. तिनं कपाळाला हात लावला. बेंजोची वायर तिनं साबणाच्या डबीएवढ्या एका लोखंडी डब्यात घातली. त्या डब्यातून एक वायर माझ्या ॲम्पला गेली, दुसरी तिच्या मिक्सरला.

"हे काय मधीच?"

"डीआय बॉक्स. ॲक्टिव्ह हाय. तुमच्या पिकअपचा आवाज लई नाजूक, लांब वायरीत निम्मा वाटंतच मरतोय. हा डबा त्याला न दमवता आत घेतोय आन् जोर देऊन पुढं पाठवतोय."

"सेल कुठाय ह्याला?"

"लागत न्हाय. मिक्सरकडनं ह्याच वायरीतनं करंट येतंय."

"एकाच वायरीतनं आवाज जातोय आन् करंट येतंय? येडं समजतीस व्हय मला?"

कीबोर्डवाला कोपऱ्यात बसून हसत होता. मी त्याच्याकडे बघितल्यावर थांबला.

ॲम्प चालू केला आणि नेहमीची घुंई सुरू झाली. मला बरं वाटलं. मुलीनं मात्र तोंड वाकडं केलं, डब्यावरचं एक बारकं बटण दाबलं आणि माझा ॲम्पच बंद करून टाकला. हेडफोन माझ्या कानावर चढवला. आत काही नाही. विहिरीत उतरल्यागत शांत.

"लावा सूर," ती म्हणाली.

"ॲम्प चालू कर की मग."

"कशाला?"

"सूर लावायचाय."

"ॲम्पवर सूर लावताय?"

"मग कशावर? ती घुंई ऐकायची, तोंडानं धरायची आन् पयली तार तिला मिळवायची. आमच्या वस्तादानं असंच शिकवलंय."

ती माझ्याकडे बघत राहिली. मग खुर्चीत बसली आणि पोट धरून हसायला लागली. कीबोर्डवालाही हसला, आणि या खेपेला माझ्या बघण्याला त्यानं भीक घातली नाही. हसू आवरल्यावर तिनं समजावलं. ती घुंई म्हणजे विजेचा आवाज. तो पांढरी पाचच्या जरासा वर आणि काळी चारच्या खाली येतो. हार्मोनियमच्या पेटीवर त्या दोन्हींच्या मध्ये पट्टीच नाही. "म्हंजे पप्पा, तीस वर्सं तुम्ही विजेच्या सुरात वाजवालाय."

माझ्या डोळ्यांसमोर एकेक पेटीवाला उभा राहिला. प्रत्येक जण म्हणायचा, दादा, तुमचं जरा चढं लागतंय. आणि प्रत्येकाला मी सांगितलं होतं, पेटी दुरुस्त करून आण. त्याहून वाईट म्हणजे जनरेटर. तो दमला की घुंई खाली यायची आणि मी तारा उतरवून घ्यायचो. तारांना हवा बाधते असं मी नव्या पोरांना शिकवलंय. ती बिचारी आता दुसऱ्यांना शिकवत असतील.

मोबाइलवर बघून तिनं मला तारा पांढरी पाचला लावायला लावल्या. मी मुकाट्यानं लावल्या. कुणाच्या तरी चपला घालून चालल्यासारखं वाटत होतं.

पहिल्यांदा वाजवलं आणि मीच मला नकोसा झालो. गाड्यावर वाजवतो तसंच हाणलं होतं. त्या डब्यातून नखीचा प्रत्येक फटका, बटणांचा खडखडाट, सगळं जसंच्या तसं आलं. पत्रा बडवल्यासारखं. दुसऱ्यांदा त्याहून वाईट. कीबोर्डवाला खाकरला आणि म्हणाला, "माझा टोन तयार हाय, ताई."

मुलगी घड्याळाकडे बघत होती. मला खरंच भीती वाटली. ती नाही म्हणेल याची नाही, तर बापाला वाईट वाटेल म्हणून हो म्हणेल आणि मी गेल्यावर कीबोर्डचा आवाज ठेवेल, याची.

"पप्पा," ती म्हणाली, "आपण रस्त्यावर न्हाय. हळू वाजवा. घरात खाटंवर बसून वाजवायचा तसं."

घरात मी बेंजोला वायर लावत नसे. ती लहान असताना तिला झोपवायला नुसताच छेडायचो, फक्त खाटेवर ऐकू जाईल इतका. मी डोळे मिटले आणि तसं वाजवलं. बटण सोडायच्या आधी बोट जरा आणखी दाबलं की सूर किंचित हलतो, पाळण्याला हलकासा धक्का दिल्यासारखा. ती माझी जुनी खोड. आज ती मला पहिल्यांदाच हेडफोनमध्ये ऐकू आली.

थांबलो तेव्हा मुलगी मिक्सरवरचा हात तसाच ठेवून बसली होती.

"हेच घरात वाजवायचा की तुम्ही," ती म्हणाली. "वरातीत हे कुठं जायचं?"

"कुठं जातंय? वाजवत होतोच. त्या दंग्यात मलाच ऐकू येत नव्हतं, तुला काय येणार."

ती कीबोर्डवाल्याकडे वळली. "तुमचा बेंजो काढून टाकतो ओ."

पुढच्या रविवारी बेंजो परत आणायला स्टुडिओत गेलो, तेव्हा तिच्या फोनवर कोडोलीच्या मंडळाचे अध्यक्ष होते. तिनं फोन स्पीकरवर ठेवला. गाणं त्यांना पसंत पडलं होतं.

"बेंजो कुणी वाजवलाय ओ? लई ग्वाड लागतंय."

"माझ्या पप्पांनी."

"म्हंजे ते गाड्यावरचे? ते तर नुसतं कान किटवत्यात की!"

मला वाटलं, ती आता हसेल आणि विषय बदलेल.

"पावणं," ती म्हणाली, "तुम्ही त्यास्नी नीट ऐकलंच न्हाय. आन् मीबी न्हाय."

मी जमिनीवर बसून वायर गुंडाळत होतो. डोळे भरून आले होते, म्हणून गुंडाळलेली वायर सोडली आणि पुन्हा पहिल्यापासून गुंडाळायला घेतली.