आमचे इटालियन चीफ गेस्ट

चहा घ्या, आणि हसायचं ते आत्ताच हसून घ्या. मध्येच हसलात तर मी पुढचं सांगणार नाही. घोटाळे मी आयुष्यात बरेच केलेत, पण अमेरिकेत पिस्कॅटवेला असताना जो केला, त्याला तोड नाही.

२००४ची गोष्ट. मी आमच्या मराठी मंडळाचा नवाकोरा सेक्रेटरी. दिवाळीच्या कार्यक्रमाला पुण्याहून एक नट चीफ गेस्ट म्हणून येणार होते. हॉल बुक केलेला, फराळ ऑर्डर केलेला, आणि चार दिवस आधी त्यांना व्हिसा नाकारला. अध्यक्ष बापटकाका अगदी शांतपणे म्हणाले, "नट आणतो असं तूच म्हणाला होतास. आता आण, नाहीतर सेक्रेटरीपद सोड."

नट काय इंडियन स्टोअरमध्ये मिळतो?

त्या संध्याकाळी मी तोंड पाडून अपार्टमेंटच्या लाँड्रीत बसलो होतो. शेजारच्या मशीनपाशी साल्वो. सत्तरी ओलांडलेला इटालियन, आमच्याच बिल्डिंगमध्ये मुलीकडे राहायचा. काय झालं म्हणून त्याने विचारलं, मी सगळं सांगितलं. तर म्हणतो कसा, "मी होतो ना नट! रोममध्ये. सव्वीस पिक्चर्स केले. सगळ्यांत इंडियन."

माझ्या हातातला मोजा खाली पडला. हा माणूस इटलीत बसून सव्वीस वेळा आपल्या माणसांची कामं करतो आणि आम्हाला पत्ता नाही? कसली कामं, विचारलं. छोटीच, म्हणाला. घोड्यावर बसायचं, ओरडायचं, हिरोची गोळी खाऊन पडायचं. मला वाटलं, झाशीची लढाई वगैरे असेल. अहो, पुढे विचारायला नको होतं? पण पद वाचवायच्या घाईत डोकं चालतं कुणाचं!

मी म्हटलं, "आमच्या इंडियन लोकांच्या कार्यक्रमाला या. तुम्ही आमचे चीफ गेस्ट."

"चीफ?" तो हळूच म्हणाला. "मला कुणी कधी चीफ केलं नाही. मी नेहमी चीफच्या मागे उभा."

त्याचे डोळे पाणावले. काय हा विनय, असं वाटून माझेही पाणावले.

कार्यक्रमाच्या दिवशी मी माइकवर पाच मिनिटं नुसता सुटलो होतो. आपली संस्कृती जगलेला कलावंत काय, भारताला पडद्यावर अजरामर करणारा काय! मग पडदा बाजूला झाला.

साल्वोच्या अंगात झालरीचं चामडी जाकीट, गालांवर लाल-पांढरे पट्टे, आणि डोक्यापासून कमरेपर्यंत पिसंच पिसं. हात वर करून तो गंभीरपणे उभा राहिला. पहिल्या रांगेतून बापटकाकांच्या नातीचा आवाज आला, "आजोबा, राँग इंडियन."

मी घाईघाईने माइक खाली ठेवला. साल्वोने मात्र तो उचलला आणि सांगितलं, आमच्या काउबॉय पिक्चर्समधल्या रेड इंडियन टोळीत पिसं कोंबडीची, डोंगर स्पेनचे, घोडा भाड्याचा आणि मी नेपल्सचा. खरं होतं ते फक्त माझं पडणं. एवढं बोलून तो स्टेजवर असा कोसळला, की प्रेक्षकांतले दोन डॉक्टर धावले. मग उठून त्याने वाकून नमस्कार केला. सगळा हॉल उभा राहून टाळ्या वाजवत होता, आणि बापटकाका हसून हसून डोळे पुसत होते.

मग सत्कार. काका फेटा घेऊन पुढे झाले. फेट्यासाठी पिसं उतरवणं भाग होतं. साल्वोने ती दोन्ही हातांनी उचलली, आणि आपल्याला चीफ करणारा माणूस हाच, म्हणून प्रेमाने माझ्या डोक्यावर ठेवली; ती पार नाकापर्यंत आली. नको कसं म्हणणार? काकांनी त्याचे रंगवलेले गाल पुसून फेटा बांधला, नेमका तेव्हाच आमचा फोटो निघाला आणि मंडळाच्या वेबसाइटवर लागला.

सेक्रेटरीपद वाचलं. आठवड्याने नागपूरहून आईचा फोन आला. शेजारच्यांच्या कॉम्प्युटरवर तिने तो फोटो पाहिला होता.

"तो फेटेवाला किती घरंदाज दिसतो रे," ती म्हणाली. "पण तू का नाहीस फोटोत?"

मी घाईने नागपूरच्या हवेची चौकशी केली.

"आणि बाजूला ते पिसं खोवलेलं ध्यान कोण? त्याच्या आईने पाहिलं तर काय वाटेल बिचारीला?"