फुकट्याचे कंडक्टर

बसची नोकरी संपली तरी गल्ली त्यांना कंडक्टरच म्हणते. शेवटच्या फेरीला कुत्र्याचं एक पिल्लू पायरीवरून आत चढलं आणि काही केल्या उतरेना, तेच त्यांनी घरी आणलं. बिनतिकिटाचा प्रवासी, म्हणून नाव फुकट्या. पिल्लाचा दांडगा कुत्रा झाला, आणि पट्टा लावला की असा ओढायचा, कोण कोणाला फिरवतंय ते बघणाऱ्याला कळू नये. एके दिवशी त्यानं कंडक्टरांच्या बायकोलाच कोपऱ्यावर लोळवलं. उजवं मनगट मोडलं, प्लास्टर आलं, आणि बाईंनी उंबरठा ओलांडणंच सोडलं. लेकीनं फोनवरून निकाल दिला, की प्लास्टर निघेल त्या दिवशी गाडी घेऊन येते. तोवर कुत्रा नीट चालला तर ठीक, नाहीतर माझ्या दिरांच्या वर्कशॉपवर राखणीला जाईल.

कंडक्टर बरं म्हणाले खरे, पण दुसऱ्याच दिवशी फुकट्याला घेऊन दवाखाना गाठला. फुकट्यावर त्यांचा जीव होता, उगाच कशाला लपवा.

जनावरांच्या डॉक्टरीणबाईंनी युक्ती सांगितली. पट्टा सैल असला की 'कट्ट' असा आवाज करायचा आणि लगेच खाऊ द्यायचा. पट्टा ताणला की जागच्या जागी खांबासारखं उभं राहायचं, चकार शब्द काढायचा नाही. आणि एकदा कट्ट झालं की खाऊ द्यायचाच, चुकून वाजलं तरी, नाहीतर कुत्र्याचा त्या आवाजावरचा विश्वास उडतो. आवाजासाठी छोटी डबी मिळते, असंही त्या म्हणाल्या. कंडक्टर म्हणाले, डबी कशाला, माझा तिकिटाचा पंच आहे की.

इथंच माशी शिंकली. जन्मभर त्यांनी पंच वाजवला तो लोकांना हाकायला. कोणी दारात अडून राहिलं की कट्ट, पुढे सरका. राग आला की अंगठा आपोआप दाबला जायचा. आता फुकट्यानं हिसका दिला की यांना राग यायचा, कट्ट वाजायचं, आणि मग शब्दाला जागून पावाचा भाजका तुकडा त्याच्या तोंडात. कुत्रा काय खुळा आहे? जोरात ओढायचं, मागे वळायचं, तोंड उघडायचं. पंधरा दिवसांत तो पूर्वीपेक्षा जास्त ओढायला लागला.

बाई खिडकीतून सगळं बघत होत्या. त्यांनी चूक दाखवली तेव्हा कंडक्टर भडकले, आता तू मला पंच शिकवणार का, म्हणाले. दोन दिवस हट्टानं तसंच वाजवत राहिले. मग एका सकाळी त्यांनी पंच बायकोच्या डाव्या हातात ठेवला.

"तूच वाजव. माझ्या अंगठ्याला जन्माची खोड आहे. आणि तो गेला तर मला नाही करमणार गं."

म्हणजे बाईंना बाहेर पडणं आलंच. प्लास्टरचा हात पोटाशी धरून त्या भीत भीत निघाल्या. पट्टा कंडक्टरांच्या हातात, पंच बाईंच्या. पट्टा ताणला की कंडक्टर खांब, आणि तोंड उघडलंच तर बाई डोळे वटारायच्या. फुकट्या बुचकळ्यात पडला. ओढून काहीच मिळेना. थांबून मागे बघितलं, पट्टा सैल पडला, की मात्र कट्ट, आणि कंडक्टरांकडून तुकडा. हळूहळू त्याच्या डोक्यात प्रकाश पडला.

प्लास्टर निघालं, ठरल्याप्रमाणे लेक गाडी घेऊन आली. दवाखान्यातून आल्यावर लेक काही बोलायच्या आत बाईंनी बऱ्या झालेल्या हातात पट्टा घेतला, डाव्यात पंच, आणि चालू लागल्या. कोपऱ्यावर, त्या पडल्या होत्या तिथंच, बेकरीचं मांजर बसलेलं. फुकट्या ताठ झाला, एक पाऊल पुढे गेला, पट्टा ताणला. बाईंच्या कपाळावर घाम फुटला, पण त्या उभ्या राहिल्या. मागे कंडक्टरांनी स्वतःच्या तोंडावर हात धरला होता. फुकट्यानं मांजराकडे पाहिलं, मग मागे बाईंकडे, आणि पट्टा सैल पडला. कट्ट.

कंडक्टरांनी लगेच तुकडा दिला, तेव्हा लेक म्हणाली, ठीक आहे, राहू दे, पण आई, पुन्हा पडलीस तर... पुढचं बाईंनी ऐकून घेतलंच नाही. त्यांनी पंच दोनदा दाबला. कंडक्टरांच्या घरात वाढलेल्या पोरीला बसच्या घंटीच्या दोन टोल्यांचा अर्थ सांगायला नको, गाडी सोडा. ती हसली, आईच्या मनगटावरून हात फिरवला, आणि रिकामी गाडी घेऊन निघून गेली.

दोनदा वाजलं होतं, म्हणून कंडक्टरांनी खाली वाकून फुकट्याला दोन तुकडे दिले, आणि बाहीनंच डोळे पुसले.