वाडीच्या जागेची किंमत, पाटल्यांच्या भावात

आजोबांनी शहराबाहेर वाडीला जागा घेतली तेव्हा तिथे बाभळी आणि मुरूम सोडला तर काही नव्हतं. आता सगळीकडे ट्रान्सपोर्टवाल्यांची गोदामं आहेत. एक आमच्या जागेवरही आहे.

मागच्या दिवाळीत धरमपेठेतले माझे मेहुणे जेवता जेवता म्हणाले, "बाबा, आजोबांना ती जागा फुकटातच पडली म्हणा."

बाबांनी घास ताटात ठेवला. "फुकटात काहून? माह्या मायच्या पाटल्या गेल्या त्याच्यात."

मेहुणे बँकेत आहेत. त्यांनी मोबाइलवर महागाईचा हिशोब मांडला. तेव्हाच्या रकमेचे आजचे पैसे निघाले एका बऱ्या मोटरसायकलीएवढे. बाबा जास्तच दुखावले.

दुसऱ्या दिवशी ते मला आणि आत्याला घेऊन इतवारीत सराफाकडे गेले. पाटल्या किती तोळ्यांच्या होत्या, हे त्यांना ठाऊक नव्हतं. पण त्यांची ही मोठी बहीण लहानपणी त्या घालून मिरवली होती.

"मले भार याद आहे," आत्या म्हणाली.

सराफाने एक जोड दिला. आत्याने घालून हात वरखाली केला. "याच्याहून जड." दुसरा जोड आला. "अजून जड." बाबांचा चेहरा खुलत चालला. शेवटी सराफाने आतून लग्नासाठी घडवलेला जाडजूड जोड काढला. आत्याने डोळे मिटले. "हा. असाच."

सराफाने सांगितलेला त्या जोडाच्या आजच्या किमतीचा आकडा बाबांनी त्याच्याकडून पुन्हा वदवून घेतला.

मी म्हणालो, "आत्या, तू तवा लहान होती. लहान हाताले भार जास्तच लागते."

"तू गप राह्य," बाबा म्हणाले.

मग पाटल्या निघेनात. सराफाने साबणाचं पाणी मागवलं. बाबा भांडं धरून उभे राहिले आणि आत्या मनगट चोळत सहज म्हणाली, "माय त खुशच होती, गा. सासूनं देल्ल्या होत्या त्या. भाकर थापताना बोचून राहायच्या. 'इका अन् जागा घ्या', हे तिनंच आपल्या बापाच्या मागं लावलं."

 पाटल्या निघाल्या, सराफाने त्या पुसून, पुन्हा तोलून आत ठेवल्या. बाहेर येताच बाबांनी मेहुण्यांना फोन लावला आणि आकडा सांगितला. भाकरीची गोष्ट मात्र त्यांनी सांगितली नाही.