रामटेके मास्तरांची चाल आणि ‘पारंपरिक’ नावाचा माणूस

बँडवाल्यांकडे वाद्यांपेक्षा किस्से जास्त. लग्नाचा सीझन संपला की वाद्यं पेटीत जातात, पण किस्से काही पेटीत मावत नाहीत. आमचा बँड गोंदियाचा, त्यात मी ट्रम्पेट वाजवतो. आणि आमच्याकडे रामटेके मास्तर आहेत, म्हणजे किस्स्यांचा धंदा बारमाही!

मास्तर सॅक्सोफोन शिकले ते रेल्वेच्या एका म्हाताऱ्या गार्डकडून. त्या गार्डला जॅझचं वेड, ते मास्तरांना लागलं आणि मास्तरांकडून आम्हाला. त्यामुळे गोंदियातल्या वराती जॅझवर नाचतात, हे नाचणाऱ्यांना अजून माहीत नाही.

नागरा गावातल्या एका लग्नात नवरीचा बाप खूश होऊन ओरडला, “मास्तर, वन्स मोर!” मास्तरांनी तीच चाल वाजवली, पण निराळ्याच वळणांनी. बाप चिडला, “आधीसारखं वाजवा ना!”

मास्तर म्हणाले, “जेवलेला भात परत वाढतेत का गा? ताजा वाढला ना!”

*

ही चाल म्हणजे आमच्या बँडची शान. ती जन्मली देवरीच्या जंगलात. लग्न वाजवून परत येताना आमचा मिनीट्रक बंद पडला. मेकॅनिक येईपर्यंत मास्तर रस्त्याच्या कडेला बसून सॅक्सोफोनवर काहीतरी शोधत होते. आमचा ढोलवाला यादोराव राइस मिलमध्ये काम करतो. त्यानं मिलच्या पट्ट्याचा ठेका मागे लावून दिला, आणि चाल उभी राहिली!

तेव्हापासून यादोराव प्रत्येकाला सांगतो, “चाल मास्तरची, पन चालते माह्या ठेक्यावर.”

हे ऐकून एकदा ड्रायव्हर भडकला. “अरे, गाडी तो मैंने बंद की थी! मेरा भी नाम डालो!”

*

मग नागपूरच्या एका म्युझिक कंपनीला विदर्भातल्या बँडांचा अल्बम काढायची हुक्की आली. त्यांनी नोटेशन लिहायला जोशी सरांना पाठवलं. आमच्यात सगळं कानावर चालतं. मास्तर तोंडानं म्हणतात, आम्ही उचलतो. सर मात्र रेघांच्या कागदावर एकेकाचं वाजवणं उतरवत बसले, आणि खरं सांगतो, माणूस कामाचा पक्का. एका जागी ते थांबले.

“यादोराव, इथे एक ठोका जास्तीचा पडतो. चुकतंय.”

“चुकत नाई सर. फुलचूरच्या वरातीत तिथं रस्त्यावर खड्डा होता. पाय गेला अन् ठोका पडला. तवापासून हाय तो.”

सर हसले. “अहो, खड्डा बुजला असेल एव्हाना!”

मास्तर म्हणाले, “रस्त्यावरचा बुजला. चालीतला राहू द्या.”

सरांनी तो ठोका लिहून घेतला.

*

अल्बमची यादी मोबाइलवर आली. आमच्या चालीपुढे लिहिलं होतं : संगीत – पारंपरिक.

मास्तरांचा चेहरा उतरला. उभी हयात वाजवण्यात घातलेला माणूस, त्याच्या नावावर एवढी एकच चाल, आणि तीही हातची जायला निघाली! आम्हाला फार वाईट वाटलं. पण मास्तर गप्प बसणाऱ्यांतले नव्हेत. त्यांनी कंपनीच्या साहेबांना फोन लावला.

“जयभीम साहेब. हा पारंपरिक कोन व्हय? काऊन येत नाई तो प्रॅक्टिसले? पाठवा त्याले. सॅक्सोफोन मी देतो, वाजवून दाखव म्हना!”

*

रेकॉर्डिंगच्या दिवशी साहेब स्वतः गोंदियाला आले. हॉल घरच्या माणसांनी भरला होता. साहेब म्हणाले, “मास्तर, ही चाल तर देवरीपासून बालाघाटपर्यंत सगळेच बँड वाजवतात. तुमचीच कशावरून?”

यादोराव उसळला, “सगळे वाजवतेत ना? मंग त्यायचा शेवट लावून दाखवा!”

साहेबांनी मोबाइलवर लग्नांचे व्हिडिओ लावले. एकातही शेवट नाही! असणार कुठून? वरात मंडपाशी पोचली की चाल तोडायची आणि स्वागताचं गाणं धरायचं, हा बँडवाल्यांचा रिवाज. चाल कधी पुरी झालीच नव्हती. आम्हीसुद्धा शेवट ऐकलेला नव्हता.

“मग तुम्ही वाजवा,” साहेब म्हणाले.

मास्तरांनी सॅक्सोफोन ओठांना लावला आणि खाली घेतला. मास्तर म्हणाले, “तो तुकडा माहा नाई साहेब. चाल घरी नेली तवा अर्धीच होती. बाकीची हिनं केली.”

पहिल्या रांगेत त्यांच्या पत्नी, शकुंतलाकाकू, मांडीवर डबा घेऊन बसल्या होत्या. सगळा हॉल त्यांच्याकडे वळला.

“काकू, म्हणा ना,” साहेब म्हणाले.

“आधी नाव लिवा.”

साहेबांनी यादीच्या कागदावरचं ‘पारंपरिक’ खोडलं आणि दोघांची नावं लिहिली. काकूंनी ती वाचली, डबा यादोरावच्या हातात दिला आणि उभ्या राहून गायला लागल्या. शब्द नाहीत, नुसते सूर. काय सांगू! अंगावर काटा आला. हॉलमध्ये टाळ्याच टाळ्या!

साहेब भारावून म्हणाले, “वा काकू! काय शेवट आहे!”

“शेवट?” काकूंनी मास्तरांकडे पाहिलं. “साहेब, ही सुरुवात हाय. हे इतकी वर्षं उलटंच वाजवून राहिले!”