सापांचे फोन

दादा गेला तरी त्याच्या फोनवर सापांचे फोन येतच राहिले. म्हणजे कुठे साप निघाला की त्याला बोलवायला लोक करायचे ते फोन. माझा हा मोठा भाऊ पोटापाण्यासाठी परळच्या एका मॉलमध्ये वायरमन होता आणि उरलेल्या वेळात सर्पमित्र. लालबाग, चिंचपोकळी, शिवडी, नायगाव या पट्ट्यात कुणाच्या घरात काही निघालं की लोखंडी आकडा आणि कापडी पिशवी घेऊन तो निघायचा. पकडलेलं जनावर वनखात्याला कळवून ते सांगतील तिथे सोडून यायचा. कुणाकडून पैसे घ्यायचा नाही, पेट्रोलही स्वतःच्या खिशातलं. लष्कराच्या भाकऱ्या भाजणं म्हणतात ते हेच, असं मी त्याला नेहमी सुनवायचे.

तो सापाने गेला नाही. हे मला इतक्यांना सांगावं लागलं की आता मी ते आधीच सांगून टाकते. कामावरून येताना पुलाच्या उतारावर त्याची दुचाकी घसरली आणि मागून टेम्पो आला. हे ऐकून लोकांचे चेहरे जरा उतरतात. सर्पमित्राने साप चावूनच मरावं अशी त्यांची अपेक्षा असावी. आमच्या समोरच्या खोलीतल्या काकू म्हणाल्या, "एखाद्या नागाने डूख धरला असेल गं. टेम्पो काय, निमित्त." मी म्हटलं, "काकू, नागाला टेम्पो चालवता येत नाही." त्यानंतर बरेच दिवस त्या माझ्याशी बोलल्या नाहीत. मला त्याचंही काही वाटलं नाही.

त्या दिवसांत मला कशाचंच काही वाटत नव्हतं. पुण्यानुमोदनाच्या दिवशी भंतेजी बोलत होते, आत्या रडत होती आणि मी मागे उभी राहून खुर्च्या पुरतील का ते बघत होते. मग मी दादरला ऑफिसात जायला लागले. कुणी चहा दिला तर प्यायले, नाही दिला तर तो राहिला हे संध्याकाळी लक्षात यायचं.

मुंबई हे बेट आहे हे शाळेत शिकवतात. पण या बेटावर आपल्याबरोबर कोण कोण राहतं ते मला दादाच्या फोनमुळे कळलं. इथे थंडी अशी पडतच नाही, त्यामुळे ही मंडळी बारा महिने हिंडत असतात. गोदामात उंदरांमागे आलेली धामण, पावसात गटारातून वर आलेली दिवड. बंद गिरणीच्या आवारात वर्षानुवर्षं राहिलेली घोरपड, नव्या टॉवरचा पाया खणायला लागले की बाहेर येऊन कुणाच्या तरी गाडीखाली बसते. चाळींमध्ये कवड्या. हा साप पालींच्या मागे भिंती चढतो, त्याला विष नसतं, पण अंगावरच्या पट्ट्यांमुळे लोक त्याला मण्यार समजतात आणि झाडू घेऊन धावतात. दादा प्रत्येकाला फोनवर एकच सांगायचा, मारू नका, लांब उभे राहा, नजर ठेवा, मी येतोय. मला स्वतःला पालसुद्धा सहन होत नाही. ओट्यावर पाल दिसली की मी बाहेर जाऊन उभी राहायचे. दादा म्हणायचा, "अगं, ती भाडं देत नाही एवढंच. राहते आपल्या आधीपासून."

दादाचं लग्न झालं नव्हतं. घरात आम्ही तिघंच, तो, आई आणि मी. तो गेल्यावर त्याचा फोन आईने स्वतःकडे ठेवला. रोज चार्ज करून खिडकीत ठेवायची. मी दिवसभर बाहेर असते, तेवढाच तिला विरंगुळा, असं मला वाटलं. मी तिला नायगावच्या एकाचा नंबर काढून दिला. तो दादाबरोबर साप पकडायला जायचा. "फोन आला की सांगायचं, आमचा मुलगा नाही आता, या नंबरवर लावा," मी म्हटलं. आईने मान डोलावली.

एका रविवारी आई नुकतीच विहारात गेली होती आणि मी घरी होते. खिडकीतला फोन वाजला. एक बाई जवळजवळ ओरडतच बोलत होती. "अहो, अजून किती वेळ? मगाशी फोन उचलला त्या मावशी बोलल्या, निघालाय, येतोय म्हणून. साप सिलेंडरच्या मागे जाऊन बसलाय आणि माझ्या सासूबाई आत खाटेवर आहेत. त्यांना उठता येत नाही."

मी पत्ता विचारला. चिंचपोकळी स्टेशनजवळची तळमजल्यावरची खोली. नायगाववाल्याला फोन लावला, तो म्हणाला, "ताई, निघालोच, पण मी माहीमला आहे. कुणाला तरी तिथे लक्ष ठेवायला सांगा." ती खोली आमच्यापासून चालत जाण्यासारखी होती, म्हणून मी गेले. त्यात धाडस बिडस काही नव्हतं. भीती वाटायला आधी काहीतरी वाटावं लागतं.

दारात गर्दी होती, एकाच्या हातात क्रिकेटची बॅट. मी त्याला बाजूला केलं आणि आत गेले. सिलेंडरच्या मागून शेपटीचा थोडा भाग दिसत होता. काळपट, त्यावर फिकट पट्टे. कवड्या की मण्यार हे मला सांगता येत नव्हतं. दोन हातांवर खाटेवर म्हातारी पडली होती, डोळे उघडे, आवाज न करता. मी आणि सून, आम्ही दोघींनी तिला चादरीसकट उचलून बाहेर व्हरांड्यात आणलं. मग मी दारात उभी राहून त्या शेपटीकडे बघत राहिले.

सून माझ्या शेजारी येऊन उभी राहिली. "ते कधी येतायत? मागे आमच्याकडे घोरपड आली होती, ती त्यांनीच नेली. खूप चांगलं बोलतात."

"तो येणार नाही," मी म्हटलं. "तो वारला. मी त्याची बहीण. दुसरा माणूस येतोय."

"पण मावशी तर म्हणाल्या..."

व्हरांड्यातून म्हातारी म्हणाली, "मग इतका वेळ आम्ही कुणाची वाट बघत होतो?"

तिने रागाने विचारलं नव्हतं. पण मला कानाखाली बसल्यासारखं झालं. नायगाववाला आला, त्याने सिलेंडर सरकवला, वाकून बघितलं आणि म्हणाला, "कवड्या आहे. घाबरू नका." लोक हसले, पांगले. मी मात्र मण्यार असती तर, एवढाच विचार करत घरी निघाले. दादा गेल्यापासून मला पहिल्यांदा काहीतरी वाटत होतं आणि तो राग होता. आईवरचा.

आई परत येऊन मेथी निवडत बसली होती. मी तिच्यासमोर दादाचा फोन बंद केला आणि पर्समध्ये टाकला.

"उद्या हा नंबर बंद करून टाकते," मी म्हटलं. "तू लोकांना तो येतोय म्हणून सांगतेस?"

ती मेथी निवडत राहिली.

"किती जणांना सांगितलंस?"

"आले फोन तेवढ्यांना."

"आई, आज एक म्हातारी मेली असती. विष नव्हतं म्हणून वाचली." मग मी खाली बसले आणि लहान मुलाला विचारावं तसं विचारलं, "तो गेलाय हे तुला कळतंय ना?"

तिने मान वर केली. "मला शिकवतेस? त्या रात्री हॉस्पिटलात त्याच्या तोंडावरची चादर मी काढलीय. तू बाहेर बाकड्यावर बसली होतीस."

"मग?"

"फोन करणारं माणूस घाबरलेलं असतं गं. कुणी येणार नाही म्हटलं की त्याचा आवाजच जातो. माझ्या तोंडून ते निघत नाही."

"म्हणून खोटं बोलायचं?"

तिने काड्या एका बाजूला केल्या. "त्या दिवशी हॉस्पिटलातून तुला फोन आला आणि तू चपला घालायला लागलीस. मी विचारलं, दादा कुठे राहिला? तू काय म्हणालीस? येतोय, ट्रॅफिकमध्ये अडकलाय. मी त्याच्यासाठी सुकट केली. भाकऱ्या फडक्यात गुंडाळून ठेवल्या. रेडिओ लावला. तू परत येईपर्यंत मला माझा मुलगा होता. तेवढी संध्याकाळ मला बरी गेली."

मला तिच्या मांडीवर डोकं ठेवावंसं वाटलं, पण तिथे मेथीचं ताट होतं. मी पर्समधून फोन काढला, चालू केला, नायगाववाल्याचा नंबर सगळ्यात वर आणला आणि तिला दाखवला.

"त्यांचा पत्ता लिहून घ्यायचा. मग इथे दाबायचं, याला कळवायचं. त्याने हो म्हटल्याशिवाय त्यांना काही सांगायचं नाही."

तिने फोन डोळ्यांजवळ नेऊन नीट बघितला.

"आणि त्याने हो म्हटलं की मग येतोय म्हणू?"

"म्हण," मी म्हटलं.